शेवटच्या किल्ल्यातला राक्षस

“मेलो परत,” दादा म्हणाला आणि त्याने फोन छातीवर पालथा टाकला.

धाकटा भाऊ खाटेशेजारी बसून त्याचे पाय चोळत होता. त्या पायांना काही कळत नव्हतं, पण डॉक्टरांनी सांगितलं होतं म्हणून तो रोज दुकान उघडण्याआधी येऊन चोळायचा. दादा क्रेन चालवायचा. क्रेन उलटली, दादा वाचला, पण कमरेखालचं अंग गेलं आणि मागोमाग बोलणंही आटलं. अख्ख्या पाळीला हसवणारा माणूस आता हो-नाही यावर दिवस ढकलत होता. धाकट्याचं देवाकडे एकच मागणं होतं, हा एकदा तरी पूर्वीसारखा हसावा.

“त्याच किल्ल्यात?” त्याने विचारलं.

“त्याच. शेवटचा घाव घालावा, तर राक्षस पुन्हा ताजातवाना.”

“मग सोड ना नाद. दुसरा गेम टाकून देतो.”

“दुसरा नको. हाच पुरा करायचाय.”

वहिनी डबा पिशवीत घालत बाहेर आल्या. शिलाईच्या कारखान्यात त्यांची कामाची पाळी सुरू व्हायची होती. “खेळू द्या हो भाऊजी. तेवढाच जीव रमतो. आणि चार्जर काढू नका, फोन बंद पडता कामा नये.”

फोन जुनाट होता, काठ झिजलेले. धाकट्याचं दुकान मोबाईल दुरुस्तीचं. त्यानेच कधीकाळी तो जेलब्रेक करून, म्हणजे कंपनीची कुलपं तोडून, दादाला दिला होता. असा फोन एकदा बंद पडला की कुलपं परत लागतात आणि सगळा खटाटोप नव्याने करावा लागतो. वहिनींना एवढंही ठाऊक आहे, याचं त्याला कौतुक वाटलं. नवा फोन द्यायला तो कधीपासून तयार होता. वहिनीच नको म्हणायच्या. ह्यांच्या हाताला हाच बसलाय म्हणे.

वहिनी गेल्या. दादाचा डोळा लागला. धाकट्याने फोन उचलला आणि हळूच लॅपटॉपला जोडला.

विचार साधा होता. राक्षसाची ताकद जराशी कमी करायची, दादाला पत्ताही लागू द्यायचा नाही. गेमच्या फायली उघडल्या आणि तो चमकला. राक्षसाचे आकडे ठेवलेल्या फाईलशेजारी तिचीच दुसरी प्रत होती, नावापुढे ‘जुनी’ असं जोडलेली. ही तर त्यांच्या धंद्यातली सवय. मूळ फाईल कुणी पुसत नाही, नाव बदलून बाजूला ठेवतात. त्याने दोन्ही ताडून पाहिल्या. फरक एकाच जागी होता. राक्षस मरायला टेकला की त्याची ताकद पुन्हा पूर्ण व्हावी, असं कुणीतरी मुद्दाम लिहून ठेवलं होतं. दादा जन्मभर खेळला असता तरी जिंकला नसता.

धाकट्याच्या तळपायाची आग मस्तकात गेली. मध्यंतरी काच तडकली तेव्हा, घरचं दुकान असताना, वहिनींनी फोन बाजारातल्या दुसऱ्या मोबाईल दुरुस्तीवाल्याकडे, त्या चष्मेवाल्याकडे, टाकला होता. तुम्हाला किती तो त्रास द्यायचा, म्हणाल्या होत्या. हे काम त्याचंच.

“खाटेला खिळलेल्या माणसाची थट्टा करतोस होय रे, हलकटा!” तो दातओठ खात पुटपुटला. आकड्यांशी खेळायची गरजच उरली नाही. त्याने मूळ फाईल जागेवर ठेवली आणि फोन दादाच्या उशाशी.

दादा उठला. सवयीने फोन घेतला, सवयीने किल्ल्यात शिरला. अंगठे भराभर चालू लागले. मग थांबले.

“अरे ढब्ब्या,” दादा म्हणाला. या नावाने त्याने धाकट्याला अपघातानंतर एकदाही हाक मारली नव्हती. “अरे, मेला तो!”

दादा हसला. पूर्वीसारखा, खांदे हलवत. धाकट्याच्या डोळ्यांना धारा लागल्या आणि त्याने त्या पुसल्याही नाहीत.

दादाने दाढी करून मागितली. धुतलेला शर्ट मागितला. खिडकी उघडायला लावली.

“काय रे, मुलगी बघायला जायचंय की काय?” धाकट्याने चिडवलं.

“बायको बघायचीय. जा, तुझ्या वहिनीला घेऊन ये. फोन नको करूस, स्वतः जा आणि तोंडी सांग. फार सोसलंय तिने.”

“तू एकटा राहशील?”

“मी काय पळून जाणार आहे?”

दोघंही खळखळून हसले. दादाने त्याच्या डोक्यावरून हात फिरवला. आई गेली तेव्हा फिरवला होता, तसा. धाकटा निघाला तो जवळजवळ धावतच.

कारखान्यात यंत्रांचा नुसता कलकलाट होता. वहिनी कॉलर शिवत होत्या. त्याला दारात बघून त्यांचा पाय यंत्राच्या पेडलवरून सुटला.

“काय झालं?”

“अहो, घाबरता काय! पेढे वाटा, वहिनी. दादा हसला! त्या चष्मेवाल्याने गेममध्ये घाण करून ठेवली होती, राक्षस मरूच नये अशी. मी ती काढली. दादाने मारला त्याला. गेम संपला!”

वहिनींचा चेहरा पांढराफटक पडला.

“त्यांच्याजवळ कोण आहे?”

“कुणी नाही. त्यानेच मला पाठवलं, तुम्हाला आणायला.”

वहिनी उठल्या. कापडाचा ढीग खाली कोसळला, मुकादम ओरडला, पण त्या दोन रांगांमधून पळत सुटल्या होत्या. जिन्यात धाकट्याने त्यांना गाठलं.

“वहिनी, अहो झालं काय? सांगा तरी!”

त्या थांबल्या नाहीत.

“चष्मेवाल्याकडून ते मीच करून घेतलं होतं, भाऊजी,” त्या धापा टाकत म्हणाल्या. “हा गेम पुरा होईपर्यंत जिवाचं बरंवाईट करणार नाही, अशी माझ्या गळ्याची शपथ घेतली होती ह्यांनी.”