मौनाचा सोमवार

गोमतीच्या नावाड्यांवरचा माहितीपट आज संपणार होता. देविकाचं सोमवारचं मौन दिवेलागणीलाच सुटायचं.

"आवाज टिपणारीच मुकी! नशीब माझं," म्हणत नवरा, सुजय, कॅमेरा घेऊन होडीत बसला.

"भैया, सँभल के," नावाडी म्हणाला.

निघण्याआधी सगळ्यांनी मिनिटभर गप्प राहून तिला नुसत्या घाटाचा आवाज टिपू दिला होता. होडी निघाल्यावर घाटावर बसून तिनं तो हेडफोनवर लावला. आधी नुसतं पाणी. मग वल्ह्याचे फटके, तिचाच चिरका आवाज, "सुजय, खाली बस!" आणि धप्पकन काहीतरी पडलं.

सकाळपासून ती अवाक्षर बोलली नव्हती.

तिनं हेडफोन काढले, तरी वल्ह्याचे फटके चालूच होते. मध्यधारेत सुजय हात हलवत उभा राहिला.

देविकाच्या घशाशी हाक आली, अगदी तीच.