चेहरा दिसणार नाही

घमापुरातल्या विडी वळणाऱ्या बायांवर विनताने माहितीपट केला. ठेकेदार चांगल्या विड्याही खराब म्हणून पैसे न देता ठेवून घेतो, हे कॅमेऱ्यासमोर सांगायला एकटी शकु तयार झाली होती, तीही चेहरा दिसणार नाही या शब्दावर.

संध्याकाळी पहिला खेळ होता. त्याआधी विनताने शकुला घरी बोलावून लॅपटॉपवर सगळी फिल्म दाखवली. चेहरा अंधारात होता, आवाज बदललेला, नाव दुसरंच. उजेडात होते ते फक्त विडी बांधणारे हात.

"पाहा शकुताई, तुमची सख्खी बहीणही ओळखणार नाही."

शकुने हात पदराखाली घेतले.

"काय झालं?"

"दीदी, तो ठेकेदार अंदर बसते. आम्ही बाहेरून एवढ्याशा खिडकीतून विड्या देतो. पंधरा वर्षांत त्यानं माझं तोंड धड पाह्यलं नाही. हातच पाहून राहिला."

विनता लॅपटॉप बंद करायचंही विसरली. घमापुरात पोस्टरं सकाळीच लागली होती. चेहरा नको म्हणून तिने त्यांवर तेच दोन हात छापले होते.