खाडीचं तोंड

आपल्या अस्थी गुहागरच्या समुद्रात सोडाव्यात, एवढंच अप्पा जाताना सांगून गेले होते. पण त्यांच्या मुलाचं, डॉक्टर हेमचंद्रचं, हॉस्पिटलमधल्या ड्यूटीचं रोस्टर आधीच लागलेलं होतं, आणि समुद्र काय, सगळीकडे एकच असतो. म्हणून शनिवारी परदेशातल्या आपल्या ग्लेन वेव्हर्लीच्या घरून दोन तास गाडी चालवत तो आणि त्याची बायको मेधा एका अरुंद खाडीवर आले. तिथे पार्किंगही सोयीचं होतं.

अस्थी सोडून हेमचंद्रने हात जोडले. "या अप्पा. ही खाडी समुद्रात, आणि समुद्र थेट गुहागरला."

"नाही जाणार ते," मेधा म्हणाली. पाण्यावरची फुलं जागची हलली नव्हती. "मागच्या पिकनिकला अप्पा इथेच सांगत होते ना! जन्मभर भूगोल शिकवलेला माणूस. उन्हाळ्यात वाळू साचून या खाडीचं तोंड बंद होतं. तू फोनवर होतास."

"मग उघडतं कधी?"

"मोठा पाऊस झाला की. पूर्वी म्हणे इथली माणसं फावड्यांनी वाळू खणून पाण्याला वाट करून द्यायची."

हेमचंद्रने वाळूकडे पाहिलं, मग आपल्या बुटांकडे, मग घड्याळाकडे.

"पाऊस होऊ दे जरा," तो म्हणाला, "मग जातील."

 हा सूर मेधाच्या ओळखीचा होता. गेली सहा वर्षं अप्पांनी गावाचं नाव काढलं, की याच सुरात उत्तर यायचं, "सुट्टी मिळू दे जरा, मग नेतो."