माहेरचा दोष

डॉक्टरांनी कागदावर पेशी काढली आणि तिच्यात बारीक पिशव्या. “या लयकारिका. पेशीतला कचरा मोडायचा, कामाचं परत वापरायला द्यायचं, हे यांचं काम. तुमच्या शरयूच्या पिशव्यांत तो मोडणारा रसच नाही, म्हणून कचरा साठून पोट फुगलंय. असा दोष आईबाप दोघांकडून आला, तरच हा आजार होतो.”

“आमच्या घराण्यात असलं कधी नव्हतं,” सासूबाई ठसक्यात म्हणाल्या. “हिच्या माहेरचंच असणार.”

वर्षभर हेच ऐकत आलेली राजश्री लेकीला छातीशी धरून ताडकन उठली.

“माझं माहेर म्हणजे कुठलं हो, आत्या? माझ्या बापाच्या पाठीला पाठ लावून तुम्हीच आलात ना? भावाची लेक हक्कानं मागून आणलीत, तेव्हा ते घर तुमचं होतं. आज ते माझ्या एकटीचं झालं?”