स्मशानातली तालीम

पथनाट्याची तालीम ऐन रंगात आली असताना अंत्ययात्रा आली. जळगाव जामोदात फुकट मिळणारं छप्पर आता स्मशानातल्या शेडचंच उरलं होतं. कुलदीपने डफ गुमान बाकाखाली सरकवला. त्याच्या नाटकातली एकमेव नटी अनुपमा पदर घेऊन एका कडेला उभी राहिली. लोकांना वाटलं, लांबची नातेवाईक असेल.

चिता पेटली. कवटी फुटेपर्यंत मंडळी बसून राहतात, तेवढ्या वेळात शोकसभा उरकायची पद्धत. पण नेहमी बोलणारे मास्तर मुलाकडे पुण्याला गेलेले. गेलेल्या शेषरावांचा मुलगा अविनाश कुलदीपजवळ आला.

"भाऊ, तुमचा आवाज चांगला हाये. आबाबद्दल दोन शब्द बोला ना."

कुलदीप अनुपमाकडे सरकला. बाजारातला खुला रंगमंच पाडून तिथे कॉम्प्लेक्स बांधणारे ते हेच शेषराव. तालीम चालली होती तीही त्यांच्याच विरोधातल्या नाटकाची.

"यायनंच तं आपला मंच पाडला," तो अनुपमाच्या कानात पुटपुटला.

"मंग तेच बोल ना. एवढे लोक पुन्हा कवा भेटतीन तुले?"

तेही खरंच. चौकात नाटक केलं की चार-पाच माणसं थांबायची, तीही बसची वाट बघणारी. इथे निम्मं गाव गप्प बसलं होतं, मोबाइल खिशात, आणि मध्येच उठून जायची सोय नाही. आज सगळं बोलूनच टाकायचं, असं ठरवून कुलदीप उभा राहिला.

"शेषरावजी..." म्हणून तो थांबला. त्या थांबण्यावर मागे कुणीतरी हुंदका दिला.

झालं. त्याच्यातला कार्यकर्ता खाली बसला आणि नट उठला. आवाज चढला, उतरला, हव्या त्या जागी भरून आला. मंचाचं नावही निघालं नाही. अविनाश ढसाढसा रडला. शेवटी कुलदीपलाही रडू आलं, आणि ते अगदी खरं होतं.

"हे काय बोलला बे तू?" अनुपमा म्हणाली.

"काय करू? लोक ऐकून राह्यले होते ना."

तेवढ्यात काठी टेकत म्हातारे तुळशीराम पाटील आले. "माही शोकसभाही तूच घेजो, पोरा. पण मले ते आधी ऐकाचं हाये. तालीम कवा ठेवतं?"

तालमीची वेळ कुलदीपला आजवर कुणी विचारली नव्हती. "बुधवारी," तो डोळे पुसत म्हणाला. "इथंच या."

"इथं एवढ्यात नाही येत मी," पाटील म्हणाले. "तुम्हीच माह्या घरी या. अंगण मोठं हाये."