हजारात शून्य

तोंडी परीक्षेला वीस मिनिटं उरली होती, आणि नेमकी तेव्हाच मावशींना चूक सापडली.

विभागाबाहेरच्या बाकावर त्या मांडीवर लॅपटॉप घेऊन बसल्या होत्या. बेचाळीस वर्षांच्या विद्यार्थिनीला वर्गातली पोरं दुसरं काय म्हणणार? शेजारी त्यांचा प्रकल्पातला जोडीदार, वर्गातला सगळ्यांत उंच मुलगा, म्हणून लांबू. दोघांनी मिळून वर्षभर खपून एक मॉडेल बांधलं होतं. त्याचं काम एवढंच, की शेअरबाजार बंद झाल्यावर संध्याकाळी सांगायचं, गुंतवलेल्या पैशांचं उद्या जास्तीत जास्त किती नुकसान होईल. शंभरात एखाद्या दिवशी अंदाज चुकणार, हे धरूनच मर्यादा आखलेली. मागच्या हजार दिवसांवर तपासलं, तर दहाएक वेळा नुकसान मर्यादेबाहेर जायलाच हवं होतं. यांचं मॉडेल एकदाही चुकलं नव्हतं. हजारात शून्य.

त्या शून्यावर त्यांचे मार्गदर्शक सर बेहद्द खूश होते. पुढच्या संशोधनासाठी विभाग दरवर्षी एकच जोडी घेतो, तीही पगार देऊन. सरांनी यांची नावं पाठवूनसुद्धा टाकली होती. सतरा वर्षांची विमा कंपनीतली नोकरी सोडून मावशी इथे आल्या होत्या. ही जागा मिळाली तरच घरात मान वर करून वावरता येणार होतं. नाहीतर जाऊबाई 'म्हातारपणी पाटीपेन्सिल' म्हणून हसायला टपलेल्याच होत्या.

"लांबू, ही ओळ बघ."

लांबूने तोंडातलं बिस्किट गिळलं आणि मान वाकवली. भावांचा तक्ता एका ओळीने वर सरकला होता. सोमवारी संध्याकाळी मंगळवारचा अंदाज बांधताना मॉडेलसमोर मंगळवारचा भाव आधीच मांडून ठेवलेला.

"म्हणजे पेपर फुटला होता," लांबू म्हणाला.

"आणि आपण पहिला नंबर आला म्हणून मिरवत होतो."

"पण मावशी, आज सकाळी तुम्हाला हे शोधायची बुद्धी कुठून झाली?"

"विम्याचे दावे तपासायचे मी. ज्या अर्जात एक खाडाखोड नाही, तो पहिला बाजूला काढायचा. महिनाभर हे शून्य डोळ्यांत खुपत होतं रे."

लांबूने इकडेतिकडे पाहिलं. "ओळ दुरुस्त करा, पण आत चकार शब्द काढू नका. निकाल लागू दे, मग हळूच सांगू. सर खूश आहेत. आणि बाहेरच्या परीक्षक बँकेतल्या आहेत, त्यांना ही ओळ सात जन्मांत सापडायची नाही."

खोटं कशाला बोला, त्याचं म्हणणं मावशींना पटण्यासारखं वाटलं. गप्प बसणं म्हणजे काही चोरी नव्हे, असं त्यांनी दोन मिनिटं स्वतःला समजावून पाहिलं. मन ऐकेना. या शून्यावर विसंबून उद्या कुणी खरोखर पैसे लावले, तर बुडणार तो, आपण नाही. त्यांनी ओळ दुरुस्त केली आणि चाचणी पुन्हा पहिल्यापासून सुरू केली. ती संपायला अर्धा तास तरी लागणार होता.

शिपायाने दारातून हाक मारली. काठोकाठ भरलेलं पातेलं न्यावं तसा उघडा लॅपटॉप सांभाळत मावशी आत गेल्या.

आत सर होते आणि त्यांच्या शेजारी पिकल्या केसांच्या परीक्षक बाई. सरांनी हसून बसायला सांगितलं.

"सर, आधी एक सांगते. ते शून्य खोटं आहे."

सरकलेली ओळ त्यांनी दाखवली, चूक कशी झाली तेही सांगितलं. सरांचा चेहरा पार उतरला. लांबू खिडकीबाहेर असा बघत होता, जणू मावशींची आणि त्याची ओळखच नाही.

"मग खरा आकडा किती?" सरांनी विचारलं.

"मला माहीत नाही, सर. मोजणी चालू आहे."

चौघंही पडद्याकडे बघत बसले. दहा यावा, फार तर बारा, असं मावशी मनात घोकत होत्या. आला एकतीस.

लांबूने कपाळाला हात लावला. दहाच्या जागी एकतीस म्हणजे मॉडेल काठावरसुद्धा पास होत नव्हतं.

"नावं मागे घ्यावी लागतील मला," सर म्हणाले.

"हो सर." जाऊबाईंचं हसू मावशींना आत्ताच ऐकू येत होतं. तरी महिनाभराचं ते खुपणं थांबलं होतं, हेही खरं.

परीक्षक बाई पुढे झुकून म्हणाल्या, "या एकतीसमधले लागोपाठ किती?"

मावशींनी यादी खाली सरकवली. "एकोणीस. सगळे एकाच पडझडीतले."

"म्हणजे त्याला जाग येते, पण उशिरा. त्या वेळी आमचं बँकेतलं मॉडेलही झोपलेलंच होतं. का, ते अजून कुणी शोधलेलं नाही." मग त्या सरांकडे वळल्या. "ठरवायचं तुम्ही, पण मला विचाराल तर नावं मागे घेऊ नका. आकडा तेवढा बदला."

"एकतीस लिहू?"

"एकतीसच लिहा. काल प्रश्न काढायला बसले होते, तर शून्याला विचारायचं काय, तेच सुचेना मला."

सरांनी पेनचं टोपण काढलं, समोरच्या अहवालातला जुना आकडा खोडला आणि वर नवा लिहिला.

बाई उठल्या. स्वतःची खुर्ची उचलून टेबलाला वळसा घालून अलीकडे आल्या आणि मावशींना खेटून बसल्या. लांबू बाजूला सरकला.

"हं, त्या एकोणिसातला पहिला दिवस कुठला?"

मावशींनी चष्मा पदराने पुसला, पुन्हा डोळ्यांवर चढवला आणि तारीख वाचली.