आंधळ्या राखणदारांची घरं

२०११च्या हिवाळ्यात तक जे-हान सोलहून मोकपोला आला, तो एका म्हातारीची लबाडी पकडायला. दारात त्याने नाव सांगितलं, तशी मा ओक-बुन म्हणाली, "ये. उशीर केलास. रताळी गार झाली."

त्याने बूट काढले. तिने ते उचलून टोकं बाहेरच्या बाजूला वळवून ठेवले, पाहुण्याला जाताना सोपं पडावं म्हणून. मग दोघं खालून ऊब देऊन तापवलेल्या जमिनीवर बसली. बैठ्या मेजावर संगणक होता आणि भिंतीवर तिच्या नवऱ्याचा फोटो.

जे-हानच्या कंपनीने बनवलेल्या खेळाचं नाव होतं 'राखेचं बेट'. बेटावर बारमाही बर्फ आणि काटे. तिथे घर बांधायचं, चूल पेटती ठेवायची आणि जगायचं. दिव्याचं तेल मात्र ओसाड घरांतच मिळे आणि त्या घरांत आंधळे राखणदार बसलेले असत. त्यांना डोळे नव्हते, नाक नव्हतं, नुसते कान. लाकडी जमिनीवर पाऊल वाजलं की ते उठत. चामडी बूट जास्त वाजत, गवती जोडे कमी, पण वाजत सगळेच. भलेभले खेळाडू रांगत आत जात आणि तरी मरत.

ओक-बुन ताठ मानेने आत जाई, तेल घेई आणि बाहेर येई. कंपनीच्या नोंदीत तिच्या पावलांचा आवाज शून्य होता.

"आजी, स्पष्टच बोलतो," जे-हान म्हणाला. "चालत्या माणसाचा आवाज शून्य होत नाही. कुणीतरी तुम्हाला चोरटा प्रोग्राम बसवून दिलाय. नातू वगैरे आहे का?"

"आहे की. कॅनडात. त्याला आजीला फोन करायला सवड नाही, चोऱ्या कधी करणार?"

"मग राखणदार उठत कसे नाहीत?"

"मी नीट वागते म्हणून. दुसऱ्याच्या घरात कसं जावं, हे मला आईने शिकवलंय. तुला नाही शिकवलं?"

जे-हानला हसू आलं. ते त्याने रताळ्याच्या घासाबरोबर गिळलं. "शुक्रवारपर्यंत कारण सापडलं नाही, तर तुमचं खातं बंद होईल."

ओक-बुनने पडद्यावर एक घर आणलं. कौलारू, अंगणात खुरमाचं फळझाड, एका बाजूला ओसरी. "हे आमच्या ह्यांनी बांधलं. दवाखान्यातून आले की अंग टाकायच्या आधी चार फळ्या ठोकायचे. म्हणायचे, खऱ्या बेटावर घर घेऊन द्यायचं राहिलं, हे घे. ओसरी अर्धी राहिली, ती मी पुरी केली. खातं बंद झालं की याचं काय होतं?"

"समुद्र घेतो," तो म्हणाला. हा नियम त्यानेच लिहिला होता.

"मग बघ बाबा नीट. खात खात बघ, पण बघ."

खेळातली तिची बाहुली लांडग्याच्या कातड्याचे बूट घालून बर्फातून निघाली. जे-हान पडद्यावरचं सगळं चित्रफितीत टिपून ठेवत होता. ओसाड घराच्या पायरीवर ती जराशी थांबली, वाकली आणि आत शिरली. राखणदार हाताच्या अंतरावर बसला होता. जे-हानने त्याच्या कानांवरची नजर ढळू दिली नाही. कान हलले नाहीत. ओक-बुन एक जुनं गाणं गुणगुणत होती. तेलाची कुपी घेऊन ती पायरीवर पुन्हा वाकली आणि बर्फात उतरली.

"पुन्हा एकदा, आजी."

"अरे, इतकं तेल ठेवू कुठे मी?"

पण ती गेली. दुसऱ्या घरात, तिसऱ्या घरात. त्याने तिचा संगणक उघडून तपासला. चोरटा प्रोग्राम नव्हता. शेवटी त्याने कार्यालयात नामगुंग बाईंना फोन लावला. कंपनी त्यांची होती.

"मॅडम, काहीच सापडत नाही."

"काहीच नाही म्हणजे? इकडे बाकीचे खेळाडू बोंबलतायत. म्हातारी गोड बोलली म्हणून विरघळू नकोस." मागून कुणीतरी ओरडलं, "आमाया, बूट! आज पण?" आणि हशा झाला. आमाया स्पेनहून नुकतीच आलेली चित्रकार होती. "जे टिपलंयस ते घेऊन ये," बाई म्हणाल्या. "शुक्रवारी सगळे बसून बघू."

निघताना ओक-बुनने त्याला वाळवलेल्या खुरमांची पुडी दिली. "तोंड पाडू नकोस. मी लबाडी केलेली नाही. सापडेल कशी?"

"सापडलं नाही तरच घर जाईल, आजी."

"मग सापडेल असं शोध. एवढा शिकलायस!"

ते घर अजून उभं आहे. ओक-बुन पुढे बरीच वर्षं खेळली आणि एका दुपारी तापल्या जमिनीवर आडवी झाली ती उठली नाही. खातं नातवाने मागून घेतलं. त्याला आता सवड असते, तो त्या ओसरीवर येऊन बसतो. नामगुंग बाईंनी कंपनी विकली आणि जेजू बेटावर संत्र्यांची बाग केली. जे-हान कॉलेजात शिकवतो. पहिल्या तासाला तो मुलांना ती चित्रफीत दाखवतो आणि विचारतो, काय दिसलं? अजून कुणालाही दिसलेलं नाही.

त्या शुक्रवारी कार्यालयात सगळे मोज्यांवर मांडी घालून बसले होते. चित्रफीत एकदा पाहिली, मागे नेऊन पुन्हा पाहिली. राखणदाराचे कान तपासले, अंतर तपासलं, उजेड तपासला. नामगुंग बाई म्हणाल्या, "ठरलं तर मग. बंद करा खातं."

तेवढ्यात आमायाने पडद्यावरच्या पायरीवर बोट ठेवलं आणि तिच्या मोडक्यातोडक्या कोरियनमध्ये विचारलं, "आजी प्रत्येक दारात बूट का काढतात?"